धोरीसरची झाडं

त्या आठवड्यात आबेदाबीचा पाय घरात ठरेना. चहा ठेवायची आणि विसरायची. दारात जाऊन उभी राहायची, परत आत यायची, सुईत दोरा ओवायची आणि शिवायला काही हातात घ्यायचीच नाही. नवरा इसाक दुकानाच्या ओट्यावरून हे सगळं बघत होता. जामनेरच्या बाजारपेठेत त्याचं गाद्या-रजयांचं दुकान, आणि घर दुकानाच्या मागेच. त्यामुळे बायकोची येरझार त्याच्या डोळ्यांसमोरूनच चालायची.

"अगं, एका जागी बस जरा," तो म्हणाला. "पिंजायच्या मशीनलासुद्धा मधून मधून विसावा द्यावा लागतो."

"मशीनला कोणी खोटं म्हणालं नाही," आबेदाबी म्हणाली आणि पुन्हा दाराकडे गेली.

खोटं म्हणणारी बाई होती धुळ्याची. जैतूनबी तिचं नाव. आबेदाबीची नात अर्शी आणि जैतूनबीचा नातू आकिब यांचं लग्न जवळजवळ ठरलं होतं. दोघं जळगावला फार्मसी कॉलेजात बरोबर शिकलेली, एकमेकांना पसंत. घरच्यांचीही काही ना नव्हती. अर्शीचे आईवडील रेल्वेच्या नोकरीपायी भुसावळला, पण पोरगी पहिल्यापासून आजीजवळ वाढलेली, म्हणून बोलणी जामनेरलाच झाली. बिर्याणी झाली, हसणं-खिदळणं झालं. सगळं कसं सुरळीत चाललं होतं. आणि मग रजई निघाली.

आता ही रजई म्हणजे काय ते आधी सांगायला हवं, नाहीतर पुढचं भांडण वेडगळ वाटेल. तसं ते थोडं वेडगळ होतंच.

पिंजाऱ्यांची ही दोन्ही घराणी मूळची धोरीसरची. धोरीसर म्हणजे पार तिकडे राजस्थानच्या वाळवंटात, जिथे रस्ता संपला की उंटाची वाट आणि ती संपली की नुसती वाळू, असं आडगाव. गाव म्हणायचं, पण तटबंदी होती, बाजार होता. मिठाचे तांडे तिथे मुक्कामाला थांबत. दिवसा अंग भाजायचं आणि हिवाळ्याच्या रात्री तांब्यातलं पाणी गोठायचं, त्यामुळे पिंजाऱ्यांना तिथे मान होता. तांड्यातला सगळ्यात श्रीमंत माणूससुद्धा थंडी वाजली की पिंजाऱ्याच्याच दारात यायचा. पश्चिमेकडून वाळू चालून येई, म्हणून त्या बाजूला नुसती भिंत. गावाला दरवाजा एकच, पूर्वेला. आत विहिरी दोन, एक गोडी आणि एक खारी. गोडीचं पाणी माणसांना, खारीचं जनावरांना आणि धुण्याला. पाहुणा आला की त्याचं नाव विचारण्याआधी त्याला पाणी द्यायचं, आणि त्याने ते प्यायल्याशिवाय पुढची गोष्ट काढायची नाही. दिलेलं पाणी न पिता उठून जाणं म्हणजे त्या घराच्या तोंडावर थुंकण्यासारखं.

मग आला छप्पनचा दुष्काळ. विक्रम संवताचं एकोणीसशे छप्पन्नावं साल, जुनी माणसं नुसतं छप्पन म्हणत. गोडी विहीर आटली. खारी तेवढी उरली, आणि खाऱ्यावर माणूस किती दिवस काढणार? पिंजारवाडा उठला. खानदेशात कापूस आहे, तिकडे जिनिंगचे कारखाने निघालेत, एवढंच त्यांनी ऐकलं होतं. पिंजायची धनुकली खांद्यावर टाकून निघाले. कोणी धुळ्याला थांबलं, कोणी भडगावला, कोणी पुढे गेलं. पुरुषांनी धनुकल्या आणल्या आणि बायकांनी गाव आणलं.

म्हणजे कसं? तर रजईवर. लाल खादीच्या रजईवर पांढऱ्या दोऱ्याच्या टाक्यांनी अख्खं धोरीसर शिवलेलं. पायाशी दरवाजा. आत शिरलं की चौक, एका हाताला गोडी विहीर म्हणजे दुहेरी गोल, दुसऱ्या हाताला खारी म्हणजे एकेरी गोल. मशीद आणि देवीचं देऊळ एकाच भिंतीला पाठ लावून बसलेली, मागे पिंजारवाडा, आणि त्यात आपलं घर, एक छोटा चौकोन. आईने ही रजई मुलीला द्यायची. मेंदीच्या दिवशी नवरीचे डोळे ओढणीने बांधायचे, तिचं बोट दरवाज्यावर ठेवायचं आणि सगळ्या बायांनी गोल करून बसायचं. नवरीने टाके चाचपत घरी पोचायचं. चुकून खाऱ्या विहिरीकडे गेली तर बाया हसून लोळायच्या, "आता सासरी मीठ घेऊन जा" म्हणायच्या. बरोबर चौकोनावर बोट आलं की नवरी म्हणायची, "पोचले." तेवढं झालं की मग मेंदी. परक्या मुलखात पोरगी हरवू नये, कुठेही नांदली तरी तिला घराची वाट ठाऊक असावी, म्हणून हे. पुरुषांना यातलं काही कळत नसे आणि कोणी कळूही देत नसे.

तर बिर्याणी झाल्यावर जैतूनबी म्हणाली, "गावरजई काढा बघू." आबेदाबीने मोठ्या हौसेने पेटीतून आपली रजई काढली. शेजारी अर्शीसाठी चाललेली नवीही आणली. जैतूनबीने चष्मा लावला, दोन्ही रजया पाहिल्या, आणि तिचा चेहरा बदलला.

"गोडी विहीर डावीकडे?"

"डावीकडेच," आबेदाबी म्हणाली.

"आमच्या रजईवर उजवीकडे आहे. आणि हे काय, गावभर ठिपके?"

"झाडं आहेत. खेजडीची."

"धोरीसरात एवढी झाडं?" जैतूनबी म्हणाली. "बाई, झाडं असती तर आपले लोक उठले कशाला असते?"

आबेदाबी म्हणाली, माझ्या आईची रजई आहे. जैतूनबी म्हणाली, माझ्याही आईचीच आहे. आबेदाबी म्हणाली, तुमची चुकीची असेल. तेव्हा जैतूनबी चष्मा पुसत शांतपणे म्हणाली, "खानदेशात आल्यावर पुष्कळांनी पुष्कळ गावं सांगितली. कोणी मोठ्या गावाचं नाव घेतलं, कोणी दुसऱ्याची रजई बघून आपली शिवली. मला त्याचं काही नाही. पण जे घर आपलं गाव खोटं सांगतं, त्या घरात मी नातू देणार नाही." आणि ती उठली. जेवणानंतर तिच्यासमोर पुन्हा भरून ठेवलेला पाण्याचा पेला तसाच राहिला.

तो पेला आबेदाबीच्या डोळ्यांसमोरून हलेना.

इसाकला ते सगळंच हास्यास्पद वाटत होतं. "रजई अंगावर घ्यायची असते," तो म्हणाला. "भांडायला जमिनीचा सातबारा असतो."

"तुम्हाला नाही कळायचं."

"मग कळव. पोरीचं लग्न मोडतंय ते तर कळतंय मला."

तेही खरंच होतं. अर्शी तोंडाने काही बोलत नव्हती, पण औषधांच्या दुकानातून कामावरून आली की थेट आतल्या खोलीत जायची. आकिबचे फोन चालू होते. दोघांनी आपापल्या परीने खटपटही केली. एका संध्याकाळी अर्शी मोबाइल घेऊन आजीजवळ बसली आणि तिने उपग्रहावरून काढलेलं धोरीसर दाखवलं. आबेदाबीने जन्मात पहिल्यांदा आपलं गाव पाहिलं. वाळू, एक काळा रस्ता, काही पत्र्याची छपरं, मोबाइलचा टॉवर. बस, एवढंच.

"दरवाजा कुठाय?"

"नाही राहिला, दादी. आकिबने तिथल्या एका चहावाल्याचा नंबर शोधून काढला आणि फोन केला. रस्ता रुंद करताना दरवाजा पाडला म्हणे. नळ आल्यावर विहिरीही बुजवल्या. पिंजारवाडा म्हणजे काय, हे त्या माणसाला माहीतसुद्धा नाही."

आबेदाबी त्या काळ्या रस्त्याकडे बघत राहिली. म्हणजे आता विचारायचं कोणाला? गावच जर साक्ष द्यायला उरलं नाही, तर दोन म्हाताऱ्यांच्या दोन रजया, आणि दोन्ही एकमेकींना खोटं पाडणाऱ्या. तिला एकदम थकल्यासारखं झालं, आणि थकूनही बसवेना.

खरी टोचणी आणखी आतली होती, आणि ती तिने कोणालाच सांगितली नव्हती, इसाकलाही नाही. तिचं बोट. रजईच्या दरवाज्याशी बोट ठेवलं की ते उजवीकडे ओढ घ्यायचं. लहानपणापासून. डोळे उघडे असले की ती त्याला गप डावीकडे वळवायची, पण डोळे मिटले की ते हट्टी पोरासारखं उजवीकडे सरकायचं, थेट खाऱ्या विहिरीवर. स्वतःच्या मेंदीला ती चुकलीच होती आणि बाया हसल्या होत्या. आई तर तेव्हा नव्हती. आई तिच्या लहानपणीच गेली, भडगावला. खाटेवर पडल्या पडल्या आईने तिचं बोट आपल्या हातात धरून रजईवर फिरवलेलं तिला आठवत होतं. आईचा चेहराही आता धड आठवत नव्हता, पण हाताचा तो गरम, कोरडा स्पर्श मात्र ताजा होता. पुढे आबेदाने रजईवर बघून बघून गाव एकटीनेच पाठ केलं. शिकवणारं कोणी नव्हतं. आता जैतूनबीच्या बोलण्याने तिच्या मनात भलतंच भरलं. आईला तरी वाट नीट ठाऊक होती का? का आपण मुळात तिथल्या नव्हेतच, आणि म्हणून बोटाला घर सापडत नाही?

बेबाबाई रोज दुपारी यायची तशी आली. नवऱ्याची केळीची बाग, हाताखाली माणसं, पण ही बाई दुपारी गोधडीला टाके घालायला आबेदाबीकडेच बसणार. माहेर तिचंही भडगाव, म्हणून दोघींचं बहिणीसारखं. इतकी वर्षं जामनेरात काढली, पण बोली तिने माहेरचीच ठेवली होती.

"काय व्हयनं व बहीण?" ती म्हणाली. "तुना जीव ठिकाणवर नई शे."

"मी रजई उसवणार आहे," आबेदाबी म्हणाली.

"कोणती? मायनी?"

"तीच."

रीत अशी होती की जुन्या रजईच्या कापडाचा एक तुकडा नव्या रजईच्या कोपऱ्यात जायचा. आबेदाबीला एकच मुलगा, मुलगी नाही, त्यामुळे तिच्या हातून ही रीत कधी झालीच नव्हती. अर्शीच्या रजईसाठी आता तो तुकडा काढायचा होता. लग्न होवो न होवो, रजई पुरी करायची असं तिने सकाळीच मनाशी ठरवलं होतं. हात रिकामे राहिले तर वेड लागेल असं तिला वाटत होतं.

आईच्या रजईची वरची बाजू मळकट पांढरी, जाड्याभरड्या कापडाची. तिच्यावर टाके, विहिरी, झाडं. खालची बाजू निळ्या छिटाची. लाल खादी नुसती कडेला, किनारीच्या आत बोटभर दिसायची. आबेदाबीला वाटायचं, आपल्या रजईला लाल रंग एवढाच. तोच तुकडा घ्यावा म्हणून तिने निळ्या छिटाची कड उसवायला घेतली. छिटाला फक्त कडेनेच शिवण होती. चार टाके उसवले, आणखी उसवले, तशी आत लाल दिसायला लागली. कड संपली, लाल संपेना.

"बेबाबाई, जरा धरा."

बेबाबाईने दुसरं टोक धरलं आणि दोघींनी मिळून निळं छिट पार उलगडलं. खाली सबंध लाल रजई होती. मधोमध मोठा डाग, पाण्याचा, चिखलाचा, कापड काही ठिकाणी विरलेलं. आणि त्या लालवर पांढऱ्या टाक्यांचं धोरीसर. दरवाजा पायाशी. गोडी विहीर उजव्या हाताला. ठिपका एकही नाही.

मग हळूहळू तिला आठवायला लागलं. आई गेली त्या पावसाळ्यात गिरणेला पूर आला होता. पाणी गल्लीत शिरलं, घरात शिरलं, पेटीतली रजई भिजली. लहानगी आबेदा त्या रजईसाठी जेवेना, तेव्हा बापाने ती वाळवली, झटकली आणि दुकानात नेऊन दुरुस्त करून आणली. बाप पिंजारी, हात सफाईचा. डागाळलेली बाजू त्याने नव्या निळ्या छिटाने झाकली आणि चांगली राहिलेली बाजू वर केली. बिचाऱ्याला काय ठाऊक, चांगली राहिलेली बाजू म्हणजे अस्तर आहे ते. बोटाने गाव चालतात हे त्याला कोणी सांगितलंच नव्हतं. ते बायांचं काम. आणि सांगणारी बाई तर गेली होती.

टाका दोन्ही बाजूंनी दिसतो, पण मागून बघितलं तर डावं ते उजवं होतं. एवढंच झालं होतं. तिने सगळा जन्म गाव मागून वाचलं होतं.

"मग ती झाडं?" ती स्वतःशीच पुटपुटली, आणि पांढरी बाजू वर करून अंगठ्याने एक ठिपका चोळला. दोरा संपला की बाई मागच्या बाजूला गाठ मारते. आता तिला ते शिकवायला कोणी नको होतं. हजारो गाठी तिने स्वतः मारल्या होत्या.

बेबाबाई वाकून बघत होती. "ह्या झाडे नई शेतस," ती हळूच म्हणाली. "गाठी शेतस. आमनी गोधडीनी गाठबी खालेच ऱ्हास."

आबेदाबीला हसू आलं आणि त्याच्याच मागोमाग रडू आलं. लहानपणी आईवेगळी पोर त्या ठिपक्यांवर बोट ठेवून खेळायची. या झाडाखाली मी, या झाडाखाली आई, या झाडाला झोका. वाळवंटातल्या त्या गावात तिने एकटीने जंगल उभं केलं होतं, आणि अर्शीच्या नव्या रजईवर तेच जंगल हौसेने, एकेक गाठ मुद्दाम वरून मारून लावलं होतं. ती सगळी झाडं एका दुपारी गेली. तिला त्यांचं खरोखरीच वाईट वाटलं.

मग तिने लाल बाजू वर केली, डोळे मिटले आणि दरवाज्यावर बोट ठेवलं. बोटाने उजवीकडे ओढ घेतली. या खेपेला तिने त्याला अडवलं नाही.

संध्याकाळी अर्शी आली तेव्हा आजी पेटीशेजारी बसली होती. चक्क बसली होती, हे बघूनच अर्शी घाबरली. आबेदाबीने तिला दोन्ही बाजू दाखवल्या. अर्शीला कळायला वेळ लागला नाही.

"म्हणजे त्यांचीही बरोबर आणि आपलीही," ती म्हणाली.

"आपली उलटी."

"आणि माझी? एवढी झाली शिवून."

ओट्यावरून इसाक ऐकत होता. "उलटी घाल, झालं," तो म्हणाला. "सासऱ्यांनी तेच केलं होतं, नाही का? मागच्या बाजूला लाल कापड चढवून आणि टाके वर आणून देतो उद्या."

"आणि झाडं?" आबेदाबी म्हणाली. "ती उसवून टाकते मी."

"राहू दे दादी," अर्शी म्हणाली. "खालच्या बाजूला राहतील. मला हवीत."

फोनवर सांगून भागलं असतं. अर्शी म्हणालीही, आकिबला फोटो पाठवते, तो त्यांना दाखवेल. आबेदाबीने ऐकलं नाही. जिने आपल्या घरचं पाणी टाकून दिलं तिला फोटो कसला पाठवायचा? दुसऱ्या दिवशी सकाळी तिने रजईचं गाठोडं बांधलं, इसाकला दुकान बंद करायला लावलं आणि दोघं एसटीत बसली. जळगावला गाडी बदलली. वाटेत इसाकने पारोळ्याला भजी घेतली, आबेदाबीने तोंड लावलं नाही. गाठोडं तिने मांडीवरून खाली ठेवलं नाही. मनात शंभर शंका. बाई दारातच उभी करील तर? म्हणेल, आता आमचं बघून घरी उलटी करून आणलीत? रजई उसवून दाखवता येते, पण नियत कशी उसवून दाखवायची? शिरपूरकडे जाणारे कापसाचे ट्रक खिडकीतून मागे पडत होते आणि तिला गाडी जागच्या जागी उभी असल्यासारखी वाटत होती.

जैतूनबीने दारात उभं केलं नाही. रीत ती रीत. तिने सतरंजी टाकली, सुनेला हाक मारली आणि पाण्याचा पेला आबेदाबीसमोर ठेवला. मग समोर बसली.

आबेदाबीने पेला हातात घेतला नाही. "आधी गाव," ती म्हणाली. "मग पाणी. तुमची रजई काढा, आपा."

जैतूनबीच्या कपाळाला आठी पडली, पण ती उठली. तिची रजई लाल, नीट जपलेली. आबेदाबीने शेजारी आपली अंथरली, लाल बाजू वर, मधला पुराचा डाग तसाच उघडा. काही समजावून सांगायची तिची तयारी होती, बसमध्ये घोकून ठेवलं होतं, बाप, पूर, अस्तर, सगळं. पण तोंड उघडलं आणि वेगळंच निघालं.

"माझे डोळे बांधा."

"काय?"

"बांधा तुम्ही. घट्ट."

जैतूनबीने आपल्याच ओढणीने तिचे डोळे बांधले. इसाक दाराशी बसला होता, तो उठून बाहेर गेला. ही आपली जागा नाही एवढं त्यालाही कळलं.

आबेदाबीने दरवाजा चाचपला. बोट ठेवलं. आत शिरली, चौक. बोट उजवीकडे वळलं, आपणहून, जराही न अडखळता. दुहेरी गोल. गोडी विहीर. तिथून मशीद आणि देवळाची ती एकच भिंत. डागाजवळ टाके विरले होते, तिथे बोटाखाली काहीच लागेना. ती थांबली नाही. बोटाला पुढची वाट ठाऊक होती. आपल्या बोटावर कोणाचा तरी गरम, कोरडा हात आहे असं तिला स्पष्ट जाणवलं आणि ती लहान पोरीसारखी त्या हाताबरोबर चालत गेली. आईला वाट ठाऊक होती. आईने तिला बरोबरच शिकवलं होतं. इतकी वर्षं ती आईच्या हाताशी भांडत आली होती.

भिंतीला वळसा घालून बोट पिंजारवाड्यात शिरलं आणि छोट्या चौकोनावर थांबलं.

"पोचले," आबेदाबी म्हणाली.

ती ओढणी सोडणार तेवढ्यात शेजारच्या रजईवर काहीतरी सरकल्याचा आवाज झाला. जैतूनबीही बोटाने स्वतःच्या रजईवर चालत होती. डोळे तिनेही मिटले असावेत, कारण बोट चाचपत, थांबत थांबत सरकत होतं. आवाज विहिरीशी आला, भिंतीशी आला, पिंजारवाड्यात शिरला आणि थांबला.

"आमचं घर याच्या पुढचं," जैतूनबी म्हणाली. तिचा आवाज आता तसा राहिला नव्हता. "पण आमच्यात सरळ घरी जायचं नसतं. अलीकडच्या दारात थांबायचं. शेजारचं घर आहे, आमच्या आधी उठून गेलेलं. आई म्हणायची, तिथे थांब आणि पाणी माग, मग पुढे जा. मी मेंदीला विचारलं होतं, ते घर कोणाचं? कोणालाच सांगता आलं नाही."

आबेदाबीने डोळ्यांवरची ओढणी काढली. जैतूनबीचं बोट स्वतःच्या रजईवर नेमक्या आबेदाबीच्या घराच्या चौकोनावर होतं. तेच वळण, तीच भिंत, तोच कोपरा.

"मग मागा ना," आबेदाबी म्हणाली.

जैतूनबीने मान वर केली. "पाणी द्या बाई," ती म्हणाली.

आबेदाबीने समोरचा भरलेला पेला उचलला आणि दोन्ही हातांनी तिच्यापुढे धरला. जैतूनबीने तो घेतला आणि सगळं पाणी पिऊन पेला रिकामा करून खाली ठेवला. मग तिने सुनेला हाक मारली आणि आणखी पाणी आणायला सांगितलं.